चार्ली पार्करची सुरुवातीची बॉप ध्वनिमुद्रणं: ऐकायची कशी, उतरवून घ्यायची कशी

चार्ली पार्कर म्हणजे बॉपचा, १९४०च्या दशकातल्या नव्या जॅझचा, अमेरिकन आल्टो सॅक्सोफोनवादक. त्याचं वादन शिकायला घेतलेली माणसं बहुतेक एकाच जागी अडकतात. पहिल्याच दिवशी त्याचं अतिवेगवान ‘को-को’ लावतात, आठवडाभर अर्ध्या वेगाने ऐकतात, छापील स्वरलेखन समोर ठेवून बोटं चालवतात आणि महिन्याभरात सॅक्सोफोन पेटीत जातो. कान कच्चा म्हणून हे होत नाही, क्रम चुकल्यामुळे होतं. आधी आवर्तन कळलं पाहिजे, मग वाक्य, आणि सूर सगळ्यात शेवटी. हा क्रम उलटा केला की मेहनत वाया जाते. माझे पहिले कित्येक महिने असेच गेले, म्हणून इतक्या तपशिलात लिहितो आहे.

हा लेख पार्करच्या १९४४ ते १९४८ या काळातल्या छोट्या संचांच्या स्टुडिओ ध्वनिमुद्रणांपुरता आहे. ती मुख्यतः सॅव्हॉय आणि डायल या दोन कंपन्यांसाठी झाली. सॅक्सोफोन वाजवणाऱ्यांना डोळ्यांसमोर ठेवून लिहिलं आहे, पण नुसतं ऐकणाऱ्यांनी पहिले पाच टप्पे केले तरी पुष्कळ हाती लागेल.

## टप्पा १: आधी सामान जमवा

लागणाऱ्या गोष्टी थोड्या आहेत. बरे हेडफोन (मोबाइलच्या स्पीकरवर बास, म्हणजे खालच्या सुरांचं मोठं तंतुवाद्य, ऐकूच येत नाही, आणि बासवाचून पुढचं काही जमणार नाही). सूर न बदलता वेग कमी करणारं एखादं अ‍ॅप. हार्मोनियम किंवा छोटा कीबोर्ड. एक आडवी वही. आणि सॅक्सोफोन, जो पहिले दोन आठवडे पेटीतच राहू द्या.

तंबोऱ्याचं अ‍ॅप मात्र लावू नका. आपल्याकडचे शिकलेले लोक सवयीने श्रुती लावून बसतात, पण इथे आधाराचा सूर प्रत्येक आवर्तनात फिरतो. ब्लूजच्या (बारा बारांचं आवर्तन, एक बार म्हणजे चार मात्रा) पाचव्या बारला बास मध्यमावर गेलेला असतो आणि तंबोरा षड्जच धरून बसलेला असतो. कानाचा गोंधळ उडतो तो तिथेच.

## टप्पा २: कोणती सेशनं घ्यायची ते ठरवा

पार्करच्या नावाने मिळणारं सगळं एकत्र ऐकायला घेतलंत तर बुडालात. सुरुवातीला एवढीच सेशनं (ध्वनिमुद्रणाच्या बैठका) वेगळी काढा:

१. २६ नोव्हेंबर १९४५, सॅव्हॉय, न्यूयॉर्क. ‘बिलीज बाउन्स’, ‘नाऊज द टाइम’, ‘थ्रायव्हिंग ऑन अ रिफ’, ‘को-को’. ट्रम्पेटवर माइल्स डेव्हिस, बासवर कर्ली रसेल, ड्रम्सवर मॅक्स रोच. डिझी गिलेस्पी या सेशनमध्ये ट्रम्पेटही वाजवतो आणि पियानोही.

२. २८ मार्च १९४६, डायल, हॉलिवूड. ‘मूस द मूच’, ‘यार्डबर्ड स्वीट’, ‘ऑर्निथॉलॉजी’, ‘अ नाइट इन ट्युनिशिया’.

३. ८ मे १९४७, सॅव्हॉय. ‘डॉना ली’, ‘चेसिन द बर्ड’, ‘चेरिल’, ‘बझी’. पियानोवर बड पॉवेल.

४. २८ ऑक्टोबर आणि ४ नोव्हेंबर १९४७, डायल, न्यूयॉर्क. ‘डेक्स्टेरिटी’, ‘एम्ब्रेसेबल यू’, ‘स्क्रॅपल फ्रॉम द अ‍ॅपल’, ‘आउट ऑफ नोव्हेअर’. पियानोवर ड्यूक जॉर्डन, बासवर टॉमी पॉटर.

५. सप्टेंबर १९४८, सॅव्हॉय. ‘बार्बाडोस’, ‘परहॅप्स’, ‘पार्कर्स मूड’.

१५ सप्टेंबर १९४४चं गिटारवादक टायनी ग्राइम्सच्या संचाबरोबरचं सेशन (‘टायनीज टेम्पो’, ‘रेड क्रॉस’) पाहिजे तर ऐका, पण उतरवायला पहिलं घेऊ नका. तिथे पार्करच्या मागचे वादक अजून स्विंगच्या, म्हणजे बॉपच्या आधीच्या जॅझच्या, चालीत वाजवत आहेत, त्यामुळे पार्कर कुठे वेगळा जातो ते कळायला आधी बाकीचं कानावर असावं लागतं.

२९ जुलै १९४६चं ‘लव्हर मॅन’ असलेलं सेशनही बाजूला ठेवा. पार्कर त्या दिवशी फार आजारी होता आणि त्यानंतर त्याला सहा महिने कॅलिफोर्नियातल्या कॅमारिलोच्या मनोरुग्णालयात काढावे लागले. त्या वादनात वेदना आहे, ती ऐकावी. पण वाक्य कसं बांधायचं, श्वास कुठे घ्यायचा हे त्यातून घोकू नका. सूर जिथे डळमळतो तिथे तो शैली म्हणून डळमळत नाही.

इशारा: ‘नाऊज द टाइम’ पार्करने १९५३मध्ये पुन्हा ध्वनिमुद्रित केलं आहे आणि याद्यांमध्ये दोन्ही शेजारी शेजारी येतात. ओळखायचं सोपं आहे. ट्रम्पेट ऐकू येत असेल तर ते १९४५चं, नुसता सॅक्सोफोन आणि मागे तिघे असतील तर १९५३चं. तसंच ‘को-को’ नावाची ड्यूक एलिंग्टनची १९४०ची रचना पूर्ण वेगळी आहे.

## टप्पा ३: टेक लावून घ्या

सगळ्यात जास्त चुका इथेच होतात. त्या काळात एक धून दोन-तीन-पाच वेळा वाजवली जायची (प्रत्येक वेळ म्हणजे एक टेक) आणि त्यातली एक निवडून दहा इंची, ७८ फेऱ्यांच्या तबकडीवर काढली जायची. तिच्या एका बाजूला जेमतेम तीन मिनिटं मावत. उरलेले टेक पुढे एलपीवर, मग सीडीवर आले. आज जे ‘संपूर्ण’ संच मिळतात त्यांत एकाच धुनेचे सगळे टेक पाठोपाठ असतात, अर्धवट तुटलेलेसुद्धा.

हे पाठोपाठ ऐकू नका. ‘बिलीज बाउन्स’चे पाच टेक सलग ऐकले की पाचवा येईपर्यंत कान बधिर होतो, आणि नेमका पाचवाच तबकडीसाठी निवडलेला आहे. असं करा:

१. प्रत्येक फाइलला धून, तारीख आणि टेकचा क्रमांक असं नाव द्या. सॅव्हॉयचे टेक १, २, ३ अशा आकड्यांनी ओळखतात. डायलच्या १९४७च्या न्यूयॉर्क सेशनांना ए, बी, सी अशी अक्षरं आहेत.

२. तबकडीवर निघालेला, म्हणजे ‘मास्टर’ टेक एका फोल्डरमध्ये आणि बाकीचे दुसऱ्यात. दुसऱ्या फोल्डरला टप्पा ८ येईपर्यंत हात लावायचा नाही.

३. वेगळ्या नावाखाली लपलेले टेक शोधा. ‘ऑर्निथॉलॉजी’चा एक टेक ‘बर्ड लोअर’ नावाने निघाला. ‘कूल ब्लूज’चा एक ‘हॉट ब्लूज’ नावाने. ‘अ नाइट इन ट्युनिशिया’च्या एका टेकमधला पार्करचा चार बारांचा एकट्याचा तुकडा इतका गाजला की तेवढाच तुकडा ‘फेमस आल्टो ब्रेक’ म्हणून स्वतंत्र काढला गेला.

तपासणी: २६ नोव्हेंबरच्या सेशनमधले मास्टर असे यायला हवेत: ‘बिलीज बाउन्स’ टेक ५, ‘नाऊज द टाइम’ टेक ४, ‘थ्रायव्हिंग ऑन अ रिफ’ टेक ३, ‘को-को’ टेक २. तुमची यादी याच्याशी जुळली तर पुढे चला.

## टप्पा ४: पट्टी तपासा

जुन्या तबकड्यांवरून पुन्हा काढलेल्या प्रती नेहमी बरोबर वेगाने उतरवलेल्या नसतात. वेग सहा टक्क्यांनी वाढला की सूर अर्ध्या सुराने चढतो. तीन मिनिटांच्या तुकड्यात तेवढ्याने दहा-अकरा सेकंदांचा फरक पडतो, आणि तो ऐकताना अजिबात लक्षात येत नाही. मी एक ब्लूज अशा प्रतीवरून काळी तीनमध्ये बसवला होता. बोटं विचित्र पडत होती आणि मी दोष हाताला देत होतो. दुसरी प्रत मिळाली तेव्हा कळलं, तो सरळ पांढरी चारचा होता.

म्हणून हार्मोनियम घ्या आणि धुनेच्या पहिल्या बारला बास कुठे उभा आहे ते शोधा. काही आकडे हाताशी ठेवा. ‘नाऊज द टाइम’, ‘बिलीज बाउन्स’ आणि ‘बार्बाडोस’ पांढरी चारमध्ये, म्हणजे एफमध्ये. ‘बझी’, ‘मूस द मूच’, ‘थ्रायव्हिंग ऑन अ रिफ’ आणि ‘को-को’ काळी पाचमध्ये, म्हणजे बी फ्लॅटमध्ये. ‘चेरिल’, ‘कूल ब्लूज’ आणि ‘यार्डबर्ड स्वीट’ पांढरी एकमध्ये, म्हणजे सीमध्ये. ‘डॉना ली’ काळी चारमध्ये, म्हणजे ए फ्लॅटमध्ये. तुमची प्रत दोन पट्ट्यांच्या मधे कुठेतरी लोंबकळत असेल तर अ‍ॅपमध्ये सूर सरकवून बरोबर करा आणि तीच प्रत शेवटपर्यंत वापरा.

आल्टोवाल्यांसाठी: आपलं वाद्य ई फ्लॅटचं. हार्मोनियमवरची पांढरी चार आपल्याला डी म्हणून वाजवायची, काळी पाच म्हणजे आपला जी, पांढरी एक म्हणजे आपला ए.

इशारा: १४ ऑगस्ट १९४७च्या माइल्स डेव्हिसच्या सेशनमध्ये (‘माइलस्टोन्स’, ‘हाफ नेल्सन’) पार्करने आल्टो नव्हे, टेनर (आल्टोहून मोठा, बी फ्लॅटचा सॅक्सोफोन) वाजवला आहे. आल्टोच्या हिशेबाने ते उतरवू गेलात तर बोटांचा मेळ कधीच बसणार नाही.

## टप्पा ५: आवर्तन हातावर धरा

माझ्या मते सगळा लेख या टप्प्यासाठी आहे. घाई करायची असेल तर दुसरीकडे करा.

‘नाऊज द टाइम’चा चौथा टेक घ्या. हा बारा बारांचा ब्लूज आहे. एका बारात चार मात्रा, म्हणजे एक आवर्तन अठ्ठेचाळीस मात्रांचं. या आवर्तनाला जॅझवाले कोरस म्हणतात. तबल्याच्या तालासारखे इथे टाळी-खालीचे ठरलेले बोल मिळत नाहीत. आवर्तनात आपण कुठे आहोत ते बासचा आधारसूर सांगतो. एफला षड्ज धरलं तर बारा बारांचा नकाशा साधारण असा आहे:

बार १ ते ४: सा.
बार ५ आणि ६: म.
बार ७: सा. बार ८: ध.
बार ९: रे. बार १०: प.
बार ११ आणि १२: सा, आणि शेवटी पुन्हा वर जायची तयारी.

हा नकाशा आधी हार्मोनियमवर डाव्या हाताने वाजवा. प्रत्येक बारला एकच सूर, चार मात्रा धरून. पाठ झाला की ध्वनिमुद्रणाबरोबर वाजवा. पार्करकडे लक्ष द्यायचं नाही. कर्ली रसेलचा बास आणि मॅक्स रोचची झांज, एवढंच ऐकायचं.

आता आवर्तनं मोजा. धून वाजून झाली की पार्करचा सोलो सुरू होतो. बोटाच्या पेरावर मात्रा धरा आणि प्रत्येक आवर्तनाच्या समेवर वहीत एक रेघ मारा. पार्करच्या वाट्याला तीन आवर्तनं यायला हवीत, म्हणजे छत्तीस बार, एकशे चव्वेचाळीस मात्रा. त्यानंतर ट्रम्पेट येतो.

आकडा जुळेल, पण रेघा भलत्या जागी पडतील. पार्करचं वाक्य समेवर सुरू होत नाही म्हणून हे होतं. कधी ते आधीच्या आवर्तनाच्या बाराव्या बारातच उचललेलं असतं, कधी सम मोकळी सोडून दुसऱ्या-तिसऱ्या मात्रेवर येतं. ख्यालात मुखडा समेवर येऊन पडायची सवय आपल्या कानाला असते. ती इथे दगा देते. वाक्य सुरू झालं की आपण आपोआप ‘एक’ म्हणतो आणि तिथून सगळं सरकतं.

उपाय एकच. पाचवा बार पकडा. सा वरून म वर बास सरकतो ती जागा कुठल्याही आवर्तनात स्पष्ट ऐकू येते. सम हुकली तर गप्प बसा, पुढचा म येऊ द्या आणि ‘पाच’पासून मोजणी धरा. आठवड्याभरात सम आपोआप सापडू लागते.

तपासणी: ध्वनिमुद्रण चालू असताना कुणाला तरी मधेच आवाज बंद करायला सांगा. मोजत राहा. दहा सेकंदांनी आवाज पुन्हा सुरू झाल्यावर तुम्ही त्याच बारात असायला हवं. तीनपैकी तीन वेळा जमलं की टप्पा झाला. मग हेच ‘बिलीज बाउन्स’वर करा. तिथे पार्करची चार आवर्तनं आहेत.

## टप्पा ६: तोंडाने म्हणा

सोलो म्हणता आला पाहिजे, तोही ध्वनिमुद्रणाबरोबर आणि मूळ वेगात. सरगम नको, सुरांची नावं नकोत. ‘डू’, ‘डा’, ‘बा’ काहीही चालेल. सुरुवातीला उंची-खोली आणि लय तेवढी धरा. एकेक सूर तंतोतंत नसला तरी चालतो, पण वाक्य कुठे सुरू झालं, कुठे थांबलं आणि जोर कुठे पडला हे अचूक हवं.

एका दिवसाला एक आवर्तन पुरे. बारा बारांतली पार्करची वाक्यं सारख्या लांबीची नसतात. एक दोन बारांचं, पुढचं सव्वातीन बारांचं, मधे अर्ध्या बाराचा श्वास. ते श्वासही पाठ करा. तो जिथे थांबला तिथेच तुम्ही थांबा.

तीन गोष्टींवर बारीक कान द्या. पहिली, जोर. सरळ चाललेल्या अर्ध्या-अर्ध्या मात्रेच्या सुरांच्या ओळीत पार्कर जोर बहुधा मात्रेवर न देता दोन मात्रांच्या मधल्या सुरावर देतो, किंवा ओळ जिथे शिखराला पोचते तिथे. दुसरी, दाबलेले सूर. काही सुरांवर बोटं पडतात पण हवा जवळजवळ दिली जात नाही. ते ऐकू येण्यापेक्षा जाणवतात. तिसरी, मुरकी. लांब सुराच्या आधी तीन सुरांची एक झटक्यात घेतलेली वळणं असतात. आपल्या गायकीतल्या मुरकीशी तिचं नातं कान लगेच ओळखतो, म्हणून मराठी श्रोत्यांना हा भाग सोपा जातो असा माझा अनुभव आहे.

आणि मधेच दुगुन येते. ब्लूज शांत चालीत चाललेला असताना पार्कर एकदम दुप्पट दाटीने सूर घालतो. म्हणताना तिथे जीभ अडखळेल. अडखळू द्या. पण हातावरची मात्रा हलू देऊ नका. दुगुनीत सूर सुटले तरी चालतील, बाहेर पडताना मात्रा बरोबर हवी.

इशारा: हा टप्पा गाळून थेट वाद्यावर जाणारे पुष्कळ आहेत. त्यांचं वाजवणं ऐकलं की लगेच कळतं. सूर सगळे बरोबर असतात आणि वाक्य एकही नसतं.

## टप्पा ७: वेग कमी करा, उतरवा, मग वाद्य काढा

आता अ‍ॅप उघडा. वेग पंचाहत्तर टक्के. पन्नासच्या खाली कधीच जाऊ नका, कारण तिथे सूर लांबून पसरट होतात, जोर नाहीसे होतात आणि तुम्ही लयीऐवजी चिखल उतरवत बसता. दोन बारांचा तुकडा फिरता ठेवा.

वही आडवी धरा आणि एका ओळीत चार बार आखा. तीन ओळी झाल्या की एक आवर्तन. हे साधं वाटतं, पण यामुळे प्रत्येक आवर्तनाचा पाचवा बार पानावर एकाच उभ्या रेषेत येतो, आणि पार्कर त्याच जागी दर वेळी काय करतो ते नजरेला पडतं. आवर्तनात तेरावा बार तयार झाला तर कुठेतरी मात्रा जास्त मोजल्या आहेत. पुढे न जाता मागे या.

उतरवण्याचा क्रम असा ठेवा:

१. आधी प्रत्येक वाक्याचा पहिला आणि शेवटचा सूर, बाराच्या नेमक्या मात्रेवर.
२. मग शिखराचे सूर आणि जोराच्या जागा.
३. मग मधली भर.
४. दाबलेल्या सुरांना फुली.
५. बिलकूल ऐकू न येणारी जागा रिकामी ठेवा. अंदाजाने भरू नका. पुढच्या आवर्तनात तीच ओळ पुन्हा येते आणि रिकामी जागा आपोआप भरते.

हे शेवटचं खरंच घडतं. पार्करच्या वादनात काही ठरावीक वाक्यखंड वेगवेगळ्या धुनांत, वेगवेगळ्या पट्ट्यांत परत परत येतात. त्यांची वेगळी वही करा आणि प्रत्येकासमोर तो कुठल्या बारला येतो ते लिहा. आठव्या बारचा ध, तिथून नवव्याचा रे, या उतारावर तो काय काय घालतो एवढं जरी दहा सोलोंतून गोळा केलं तरी ब्लूज कसा वळवायचा ते हातात येईल.

छापील स्वरलेखन ताडून पाहायला वापरा, तेही स्वतःचं पान पूर्ण झाल्यावर. छापलेल्यात चुका असतात, आणि दाबलेले सूर नि जोर बहुतेक वेळा नसतातच.

मग सॅक्सोफोन काढा. आधी साठ टक्के वेगाने मेट्रोनोमवर, आणि मेट्रोनोमचा ठोका दुसऱ्या नि चौथ्या मात्रेवर धरून. मग ध्वनिमुद्रणाबरोबर पंचाहत्तर, नव्वद, शंभर. बोटं अडली तर तेवढेच चार सूर वेगळे काढून घ्या, सगळं आवर्तन पहिल्यापासून घोकू नका.

तपासणी: स्वतःचं वाजवणं मोबाइलवर घ्या आणि मूळाच्या शेजारी लावून ऐका. सूर सोडा, वाक्यांच्या मधले थांबे जुळतात का तेवढं बघा.

## टप्पा ८: आता बाकीचे टेक उघडा

एक मास्टर अंगात मुरल्यावरच दुसरा फोल्डर उघडायचा. ‘बिलीज बाउन्स’च्या आधीच्या टेकमध्ये रीड (सॅक्सोफोनच्या तोंडाशी कंप पावणारी पट्टी) किंचाळते, वाक्यं तुटतात, सुरुवात डगमगते. तो माणूस शोधतोय हे ऐकू येतं. तुमच्या वहीतलं पाचव्या टेकचं पान समोर ठेवा आणि ऐकताना जुळणाऱ्या जागांवर खूण करा. खुणा फार थोड्या पडतील. नकाशा तोच, जोडणी दर वेळी नवी.

याचं सगळ्यात सुंदर उदाहरण ‘एम्ब्रेसेबल यू’चे ए आणि बी टेक. एकाच दिवशी, एकामागून एक, संथ लयीत वाजवलेले. ए टेकमध्ये पार्कर गाण्याची मूळ चाल वाजवतच नाही. सहा सुरांचा एक छोटा तुकडा घेतो, तो पुन्हा म्हणतो, किंचित सरकवून पुन्हा म्हणतो, आणि त्यातूनच पुढचं वाक्य फुटतं. बंदिशीचा मुखडा न घेता तिच्या एका आलापातल्या तुकड्यावर बढत करावी तसं. बी टेक वेगळ्याच वाटेने जातो. हे दोन टेक एकाच संध्याकाळी ऐकू नका. ए टेक आठवडाभर ऐका, म्हणा, मग बी लावा.

## टप्पा ९: पुढचा क्रम

ब्लूज दोन-तीन झाले की बत्तीस बारांकडे वळा. ‘मूस द मूच’ घ्या. चार भाग, प्रत्येकी आठ बार. पहिला, दुसरा आणि चौथा सारखे, तिसरा वेगळा. त्या तिसऱ्या भागात आधारसूर दोन-दोन बारांनी ग, ध, रे, प असा चालतो. ब्लूजमध्ये पाचवा बार जसा खुंटा होता तसा इथे ग. तो पकडला की हरवणार नाही. मग ‘स्क्रॅपल फ्रॉम द अ‍ॅपल’, मग ‘ऑर्निथॉलॉजी’.

यातल्या पुष्कळ धुना जुन्या लोकप्रिय गाण्यांच्या स्वरसंगतीवर नवी चाल बांधून केल्या आहेत. ‘ऑर्निथॉलॉजी’च्या खाली ‘हाऊ हाय द मून’ आहे, ‘डॉना ली’च्या खाली ‘इंडियाना’. मूळ गाणं आधी गुणगुणता आलं पाहिजे. सोलो चालू असताना मनात ते चालू ठेवलं की मोजायची गरजच उरत नाही.

आणि सगळ्यात शेवटी ‘को-को’. खाली ‘चेरोकी’ आहे, चौसष्ट बारांची. पहिल्या टेकमध्ये प्रस्तावना संपल्यावर ते खरोखरच ‘चेरोकी’ची चाल वाजवू लागतात आणि लगेच थांबवले जातात. तो अर्धवट टेक आधी ऐका, कारण दुसऱ्या टेकमध्ये चाल गायब आहे आणि तुम्हाला ती मनात धरायची आहे.

वेग मिनिटाला सुमारे तीनशे मात्रा. म्हणजे एक बार पाऊण सेकंदाहून थोडा जास्त, आणि चौसष्ट बारांचं पूर्ण आवर्तन एक्कावन्न सेकंदांच्या आसपास. प्रत्येक मात्रा मोजायला जाऊ नका, जीव जातो. दोन मात्रांना एक टाळी द्या, आणि तेही जड गेलं तर बाराला एक.

बत्तीस बारांची प्रस्तावना आठ-आठच्या चार तुकड्यांत ऐका: दोघं मिळून, डिझी एकटा, पार्कर एकटा, पुन्हा दोघं. मग पार्करची दोन पूर्ण आवर्तनं. दुसऱ्याच्या तोंडाशी ‘हाय सोसायटी’ या जुन्या न्यू ऑर्लिन्सच्या रचनेतली क्लॅरिनेटची ओळ येते. आवर्तन बदलल्याची ती तुमची खूण. प्रत्येक आवर्तनाचा तेहतिसावा बार, जिथे मधला भाग सुरू होतो, तिथे पाया अर्ध्या सुराने वर सरकतो आणि मग पट्टी एकेका पूर्ण सुराने खाली उतरत जाते: पांढरी सात, पांढरी सहा, पांढरी पाच. हा उतार आधी हार्मोनियमवर रोज दहा मिनिटं फिरवा, मग त्या सोळा बारांत पार्करचं वाक्य शोधा. दोन्ही आवर्तनांतले हे मधले सोळा-सोळा बार आधी उतरवून घ्या, बाजूचे नंतर. त्यानंतर मॅक्स रोचचा ड्रम्सचा सोलो येतो. तिथे टाळी सोडू नका. तो संपून दोघं पुन्हा शिरतात तेव्हा तुमचा हात त्यांच्याबरोबरच पडायला हवा.